सुभेदारांची डबी

तासगाव–पलूस एसटीत माझ्या पुढच्या बाकावर एक रिटायर सुभेदार, त्यांची बायको शालूबाई आणि गावातला गंगाधर.

"सुभेदार, ही डबी कसली?"

"पोरानं पाठवलीय. ह्यातलं कानात गच्च बसवलं की भायेरचा आवाज बंद."

"आन् गाणी?"

"गाणी कशाला? हिची किटकिट सुरू झाली की नुसतं घालून बसतोय. लय शांत! हे बघ, घातलं."

"वैनी, तुमास्नी राग न्हाई येत?"

"कशाचा राग? तीस वर्सं ह्येंच्या लडाखच्या त्याच गोष्टी ऐकल्या. आता कानात घातलं की सोताबी गप बसत्यात. डबी रोज मीच चार्जिंगला लावती. परवा गावात लाईट न्हवती, तर पलूसला भावाकडं जाऊन चार्ज करून आणली."