विरहाची जागा

"काकांच्या चालीला बोट लावायचं नाही!" आमच्या घरात बाकी काहीही करा, तुम्हाला सांगते, वरणात मीठ विसरा, परीक्षेत नापास व्हा... पण महिपतीकाकांच्या चालीला? बोट लावायचं नाही! का? तेही विचारायचं नाही!

कारण काका सिनेमाचे संगीतकार! सिनेमे केले चार, गाणं चाललं एक, आणि ते एकसुद्धा कुणाचं? त्यांच्या सख्ख्या बहिणीचं, आमच्या कृष्णाआत्याचं! अहो, जोहे गावातल्या मूर्तींच्या कारखान्यात गणपती घासायला बसते ती, हातात पॉलिश पेपर, तोंडात स्वतःचं गाणं, जन्मापासून ऐकतोय आम्ही! काका एका सुट्टीत मोबाईल घेऊन शेजारी बसले, "म्हण गो आक्का, आठवण म्हणून ठेवतो." ठेवली ना! थेट पडद्यावर, स्वतःच्या नावानं! शी!

वर आत्यालाच शिकवतात! परवा गौरीला फुगडी घालताना ती तेच म्हणायला लागली, तर काका खुर्चीतूनच, "चुकलीस गो आक्का, मूळ चाल अशी नाय!" मूळ! आणि आत्या काय म्हणते? "व्हय रे, तुझंच बरोबर असंल." मी तोंड उघडलं, बाबांनी डोळे वटारले... बोट लावायचं नाही!

काल तर रोह्यात काकांचा सत्कार. ते गाणं म्हणायला मीच, कॉलेजात बक्षीस मिळालंय ना! आणि काका माइकवर, "दुसऱ्या ओळीनंतर चाल थांबते, तो विरहाचा निःश्वास. जीव जाळलाय मी त्या जागेसाठी!"

विरह? अहो, तिथे आत्या मूर्तीवरची धूळ फुंकते! दोन ओळी झाल्या की फूऽऽ, पुन्हा दोन ओळी, पुन्हा फूऽऽ! या माणसानं बहिणीची फुंकरसुद्धा उचलली, वर तिथे बासरी घातली! लोक डोळे पुसतायत, आणि मला फूऽऽच ऐकू येतंय...

"सुरभे, म्हण," काका म्हणाले.

"नाही म्हणणार. चाल कृष्णाआत्याची आहे. ती बघा, शेवटच्या रांगेत बसलीय. आधी तिचं नाव घ्या, मग गाते."

"खाली उतर!" बाबा ओरडले.

"नाही उतरणार!"

आणि मग... काका गप्प. बाबा गप्प. पहिल्या रांगेतले सगळे फेटे गप्प! अशी शांतता मी आमच्या घराण्यात कधी ऐकली नव्हती. पण उपयोग काय? तुम्हाला सांगते, पुढच्या सिनेमात काका ही शांततासुद्धा वापरणार... आणि विरह म्हणूनच खपवणार!