शिक्क्यावरची अकरा तारीख

आदरणीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरील मान्यवर, आज सेवानिवृत्त होणाऱ्या आपल्या बांधणी विभागाच्या ताई, माझे ग्रंथालयातले सहकारी आणि पुस्तकांसारखेच स्वतःही उशिरा येणारे वाचकहो,

हसलात ना? बरं वाटलं. एकवीस वर्षं देवघेवीच्या खिडकीत बसून मी हेच करत आलो. 'याला मेल्याला कसली म्हणून चिंता नाही,' असं सगळे म्हणायचे. मीही म्हणू द्यायचो.

काय दिवस होते ते! सकाळी मागच्या खोलीतून खळीचा वास यायचा, ताई पुस्तकं शिवत बसलेल्या असायच्या आणि इकडे माझी टकळी सुरू. त्यातल्याच एका वर्षी, आज सांगतो, मला सकाळी चपला घालायला अर्धा तास लागायचा. दुखत काही नव्हतं, घरीही सगळं ठीक होतं. नुसतं जगणं नकोसं झालं होतं. खिडकी उघडली की मात्र मी हजर, विनोदांसकट. बायकोलासुद्धा मी पत्ता लागू दिला नाही.

पत्ता लागला तो ताईंना. चार दिवस मी शिक्क्याची तारीखच बदलली नव्हती. वाचकांना ती माझी नवी थट्टा वाटली. पंधरा तारखेला दुरुस्तीला आलेलं पुस्तक घेऊन ताई खिडकीशी आल्या. त्यावर त्याच सकाळचा माझा शिक्का होता, अकरा तारखेचा. मी काहीतरी विनोद केला. त्या हसल्या नाहीत.

"भाऊ, अकरानंतर तुमचा दिवस उजाडलाच नाही का?"

मी लहान पोरासारखा रडलो. बांधणीचं कापड आणायला जातो असं सांगून त्या मला डॉक्टरांकडे घेऊन गेल्या. अध्यक्ष महोदय, ते कापड कधी आलंच नाही, माफ करा. पुढे नऊ वर्षं त्या रोज सकाळी विचारायच्या, "भाऊ, आज किती तारीख?" त्यांच्या टेबलासमोर एवढं मोठं कॅलेंडर लटकत असताना! मी शिक्का बदलायचो आणि सांगायचो. त्यांनी हे कुणाजवळही बोलून दाखवलं नाही. आज मीच सांगतोय, कारण या सभागृहातही कुणीतरी माझ्यासारखं हसत बसलं असेल.

आपण ऐकून घेतलंत, आभारी आहे. बोलताना काही कमीजास्त झालं असेल तर सांभाळून घ्या. फक्त एक उत्तर राहिलंय. आज सकाळी ताईंनी विचारलं, मी तीस म्हणालो. त्या म्हणाल्या, "आणि उद्या?" मी खिडकी उघडायला निघून गेलो.

ताई, उद्या एक तारीख. शिक्का मी बदलीन.