मिरजगावच्या शिवेतली एक घटका

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या संस्थेचे संस्थापक, ज्यांना मी घरी आबा म्हणते ते माझे वडील, आदरणीय आबासाहेब; संचालक मंडळाचे सन्माननीय सदस्य; नगरहून निघालेले आणि अजून वाटेत असलेले प्रमुख पाहुणे; सत्कारमूर्ती, आपले कालविद्येचे प्राध्यापक डॉ. बिभीषण खेतमाळीस सर. समोरचे प्राध्यापक, पालक आणि विद्यार्थी. आणि मागच्या दाराशी स्टुलावर बसलेल्या आपल्या शिपाई लंकाबाई. प्राचार्य म्हणून आपणा सर्वांना माझा नमस्कार.

कार्यक्रम अकराचा होता, आता साडेबारा वाजून गेलेत. मघाशी आबांनी सरांना बाजूला घेऊन हळूच विचारलं, "सर, पाहुणे येईपर्यंत एक घटका धरता का?" सर नाही म्हणाले. बावीस वर्षं ते नाहीच म्हणत आलेत आणि आपण त्यांना हेकट ठरवलंय.

घटका धरणं म्हणजे काय, हे नव्या मुलांसाठी सांगते. घंगाळात पाणी घ्यायचं, तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी त्यावर सोडायची. चोवीस मिनिटांनी ती भरून बुडते, की एक घटका सरली. लग्नात गुरुजी मांडतात तीच ही वाटी. सर तिच्या काठावर बोट ठेवून मंत्र म्हणायला लागले, की वाटी थांबायची आणि मांडवातली सगळी घड्याळंही. पुढारी कितीही उशिरा आले तरी मुहूर्त टळत नसे. मिरजगावात अशी छत्तीस लग्नं वेळेवर लागली. सदतिसावं माझं.

आता ही चोवीस मिनिटं यायची कुठून? गावच्या शिवेच्या आत जेवढे जीव, त्या प्रत्येकाकडून पापणी लवण्याइतका वेळ येतो, असं सरांनी प्रबंधात मांडलं होतं. त्यावर त्यांना डॉक्टरेट मिळाली. परीक्षक मोठे विद्वान होते. हे मोजून कुणी पाहिलं का, असं त्यांतल्या एकानंही विचारलं नाही.

माझं लग्न माघात होतं, बारा पस्तीसचा मुहूर्त. पुढाऱ्यांची गाडी अजून घाटातच होती. आबांनी सरांना निरोप धाडला. सर माझ्याकडे बघत थांबले, कारण मी त्यांची विद्यार्थिनी. मी अंतरपाटाआडून मान हलवली. खोटं कशाला बोलू? फोटोत पुढारी असावेत असं मलाही वाटत होतं. सरांनी बोट ठेवलं.

त्याच वेळी आपल्या शिवेतून एक टेम्पो चालला होता. त्यात लंकाबाईंची लेक चांगुणा होती. जामखेडकडची माणसं, ऊसतोडीला आलेली. पोरीचं बाळंतपण अडलं होतं. दवाखाना पंधरा मिनिटांवर. तो टेम्पो चालवणारे राम नंतर सांगत, "टेम्पो पळत हुता, पर रस्ता सरत नव्हता. वडाचं त्येच झाड म्होरं यायचं." डॉक्टर म्हणाले, अर्धा तास आधी आणायला हवं होतं. माय गेली, लेकरूही गेलं. इकडे माझ्यावर अक्षता पडत होत्या.

आठवड्यानं सरांनी हे हॉटेलात ऐकलं. चहा तसाच ठेवून ते लंकाबाईंच्या कोपीवर, त्या ऊसतोडीच्या झोपडीवर गेले. तिथं उसाच्या पाचटावर बसून त्यांनी आपल्या तोंडानं सगळं सांगितलं. लंकाबाई रडल्या नाहीत की त्यांनी शिव्या दिल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "तुमी घेतलं ना? मंग माघारी द्या."

सरांनी त्यानंतर दुसरं काही शोधलं नाही. त्यांनी लग्न केलं नाही, पुस्तक लिहिलं नाही. विद्यार्थी येईनासे झाले आणि आपण त्यांची खोली जिन्याखाली हलवली. लंकाबाई गावी परतल्या नाहीत, इथंच शिपाई झाल्या; त्या खोलीची किल्ली त्यांच्याकडे असते. रोज सकाळी कुलूप काढून त्या विचारतात, "घावलं का?" सर म्हणतात, "नाही, बाई." बावीस वर्षं मी हे जाता-येता ऐकते आहे. मला त्याची लाज वाटते.

गेल्या महिन्यात मी सरांना विचारलं, शेवटी हाती काय आलं? ते म्हणाले, "राजेश्वरी, घटका सगळ्यांकडून थोडीथोडी येत नाही. त्या क्षणी ज्याला वेळेची सगळ्यात जास्त गरज असते, त्या एकट्याकडून सगळी येते. आणि माघारी द्यायची वाट नाही." मग तरी एवढी वर्षं का शोधत राहिलात, म्हटलं. तर म्हणाले, "त्या रोज विचारतात ना."

निमंत्रणपत्रिकेत छापलंय की सर आज ती वाटी संस्थेला अर्पण करतील आणि मुहूर्त केंद्राचं उद्घाटन होईल. वैशाखातल्या लग्नांच्या तारखाही लिहून घेतल्यात म्हणे. आबा, माझ्या आधीच्या छत्तीस घटका कुणाच्या होत्या, ते आपण शोधलं का? या सभागृहात कुणाला घरातला एखादा उशीर आठवत असेल, न सरणारा रस्ता आठवत असेल, तर त्यांनी ती तारीख पुन्हा एकदा बघावी.

वाटी संस्थेला मिळणार नाही. सरांनी ती सकाळी माझ्या हातात दिली, म्हणाले, "तूच ठरव." मी ती लंकाबाईंना दिली. त्या तिचं काय करणार हे मी विचारलेलं नाही.

मी बोलायला उभी राहिले तेव्हाच लंकाबाईंनी मागच्या दाराशी, घंगाळातल्या पाण्यावर ती सोडली. अजून अर्धीसुद्धा भरलेली नाही. ती बुडेपर्यंत आपण सगळे इथं नुसते बसणार आहोत. चांगुणाचा वेळ केवढा होता, ते एकदा बसून तरी बघू. पाहुणे आले तर त्यांनाही बसायला जागा द्या, सत्कार नंतर होईल.

सर, तुमचे आभार मानायला मला शब्द सापडत नाहीत आणि तुम्हाला ते नकोही असतील. आपण सर्वांनी ऐकून घेतलंत, ऋणी आहे. माझ्या बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल, मानपान राहिला असेल, तर मोठ्या मनानं पोटात घाला. अंतरपाटाआडून मान हलवली त्याची माफी मात्र मी मागत नाही. माफी जी देऊ शकली असती, ती त्या टेम्पोत होती.

आबा, घड्याळ बघू नका. लंकाबाई उठतील तेव्हाच आपण उठायचं आहे.