नुमेली म्हणजे काय?

"हॅलो?… हो, बोल. वाचनालयातच आहे, म्हणून हळू बोलतेय."

ग्रंथपाल मावशीने दोन जाडजूड शब्दकोश टेबलावर उघडून ठेवले होते. फोनच्या पलीकडे तिची भाची जन्मनोंदणीच्या रांगेत उभी होती, खांद्यावर दीड महिन्याची लेक.

"नाही गं, 'नुमेली' कुठेच नाही… हो, हो, नेटवर एकीकडे चांदणी म्हणालीस तू. पण दुसरीकडे ओसाड वाट लिहिलंय ना?… तिसरीकडे विजयी? अगं, एका शब्दाचे इतके अर्थ, आणि कोशात एकही नाही?… सासूबाईंनी नेमकं ओसाडवालं वाचलं? झालं मग… रडू नकोस. ऐक ना. त्या चांदणीच्या पानावर अगदी खाली बघ, कुठून घेतलंय ते लिहिलं असेल… सावकाश वाच… 'बाळांची दोन हजार नावं'?… परत वाच बरं."

मावशीने चष्मा काढून हातात धरला.

"आहे, आहे, ऐकतेय… अगं, ते पुस्तक मी केलंय… हो, मीच. तरुणपणी. वर नाव प्रकाशकांचं आहे… त्यांना पुरती दोन हजार हवी होती, एक कमी पडलं… तेच तर सांगतेय, मी बनवलं. चांदणीही माझीच… ओसाड वाट? ती कुणाची, देव जाणे."

मावशीने चष्मा परत डोळ्यांवर चढवला.

"आहेस ना?… म्हणजे अगदी मनानेच बनवलं असंही नाही. तू म्हणायचीस. दीड वर्षाची होतीस, आई कामावर गेली की माझ्याकडे असायचीस. दुपारी भिंतीवर कवडसा हलला की बोट दाखवून नुमेली, नुमेली… कवडशाला म्हणायचीस की भिंतीला, मला काय ठाऊक?… तुझ्या आईलाही नाही कळलं कधी… हसतेस काय?… नंबर आला? मग काय लिहितेस?… नको, माझ्यावर नको टाकूस… दीड महिना याच नावाने हाक मारतेयस ना?… मग… सासूबाईंना? जे झालं तेच सांग… काय विचारतायत ते कारकून?… 'नु' ऱ्हस्व की दीर्घ? थांब हं."

सवयीने तिचा हात कोशाकडे गेला आणि मध्येच थबकला.

"ऱ्हस्व लिही. तू फार घाईत म्हणायचीस."

पलीकडे फोन बंद झाला.