हायामा-सान अडकले तेव्हा

(कोलोन, २०१४. नीलिमा चित्रीकरणावरून नुकतीच घरी आली आहे. पुण्याहून आलेले सासरे, म्हणजे नवरा कपिलचे वडील श्रीरंग, चहा गाळताहेत.)

नीलिमा : …आणि नेमके त्या वाक्यालाच अडकले ना ते, बाबा! शूटिंगच थांबलं.

श्रीरंग : कोण, तुझे ते जपानी नट?

नीलिमा : गेनाऊ, अगदी तेच, हायामा-सान. सकाळी मी त्यांचा मेकअप करताना दुभाषीमार्फत किती बोलत होते! म्हणाले, विशीत मी सिनेमात फक्त मरायचो. तलवार लागली की पडायचं चिखलात.

श्रीरंग : आम्हीही नाटकात भालदार-चोपदारच होतो आधी.

नीलिमा : मग टीव्हीवर इन्स्पेक्टर झाले. अठरा वर्षं तीच मालिका! रस्त्यात लोक त्याच नावानं हाक मारायचे. ती संपली आणि दुसरं काम कुणी देईना.

श्रीरंग : भूमिका अंगाला चिकटते गं. मग?

नीलिमा : बरीच वर्षं घरी. पुढे मिळेल ते. शेजारी, डॉक्टर, कुणाचे तरी आजोबा. आता सत्तरीत हा जर्मन सिनेमा. एकच लांब वाक्य, तेही जर्मनमध्ये, घोकलेलं.

श्रीरंग : आणि तेच गेलं.

नीलिमा : पुन्हा पुन्हा. डिरेक्टर म्हणाला, वाक्य कापू, नुसते खिडकीशी उभे राहा. हायामा-सान सगळ्यांपुढे वाकले, पण ऐकेनात. मला म्हणाले, तू कॅमेऱ्यामागे बस आणि तुकडे करून सांग.

श्रीरंग : तू? दुभाषी होती की!

नीलिमा : ती भरभर बोलते म्हणे. माझं जर्मन शिकलेलं, शब्द सुटे सुटे.

श्रीरंग : जमलं?

नीलिमा : जमलं. दर तुकड्याआधी थांबायचे, तर वाटायचं, म्हातारा बोलू की नको ठरवतोय. डिरेक्टरनं तेच ठेवलं.

श्रीरंग : वा.

नीलिमा : बाबा, इथल्या मराठी मंडळाच्या नाटकात काम करायला तुम्ही नाही म्हणालात. कपिल सांगत होता.

श्रीरंग : हे सगळं त्यासाठी होय!

नीलिमा : नाही हो. घडलं ते सांगितलं. पण विषय निघालाच आहे, तर विचारते.

श्रीरंग : जन्मभर विंगेत तुझी सासू असायची, संहिता धरून. वसुधा गेल्यावर सांगलीत प्रयोगाला उभा राहिलो आणि सगळं कोरं. पडदा पाडावा लागला.

नीलिमा : कधी बोलला नाहीत.

श्रीरंग : काय बोलायचं?

नीलिमा : मी बसू विंगेत?

श्रीरंग : चहा घे आधी. निवतोय.

नीलिमा : बाबा…

श्रीरंग : हळू सांगायचं मात्र. वसुधाचं तिसऱ्या रांगेपर्यंत ऐकू जायचं.