गिळायचा आवाज

तसं नाही रे बाबा — हवा बाहेर नाही सोडायची, आत घ्यायची. ओठ मिटायचे, घोट गिळल्यासारखं करायचं आणि मग बोलायचं. म्हण पुन्हा. — हं, हा तर बुडबुडा झाला. राहू दे, छागा पी आधी, यंदाचीच ज्वारी आंबवून केली आहे. तुम्हा अर्बा मिंचकडच्या लोकांना शब्द फोडायची सवय, आम्ही कोन्सो माणसं ते गिळतो. मनाला लावून घेऊ नकोस. माझ्या सख्ख्या भावाला, कहानोला, ते जन्मात जमलं नाही. इथेच जन्मला, या दगडी बांधांवर वाढला, पण जीभ अशी जड — गिळायचा एक आवाज धड निघेल तर शपथ. घरात बोलला की आम्ही हसायचो, म्हणून बाहेर तोंडच उघडायचा नाही. गावाला वाटायचं, पोरगा फार विचारी!

तो कापडाचे गठ्ठे विकायला दूर बोरान मुलखात गेला तो गेलाच. मागे बाप वारला. आमच्यात जमीन मुलीला मिळते का? नाही मिळत. चुलतभाऊ उर्माले, शेजारच्या गावचा, येऊन बांध बघून गेला — आईला म्हणाला, तुला एक कोपरा देईन हो राहायला. तिच्याच घरात!

आणि एके दिवशी दारात माणूस उभा. मी कहानो, म्हणे. उंची तीच, रंग तोच, मी लहानपणी कुठे पडले, बाप कशावर चिडायचा, सगळं ठाऊक. उर्माले कसला ऐकतोय — तोतया म्हणाला. मग सभेच्या घरात म्हातारे बसले. पूर्वजांची नावं घे, म्हणाले. त्याने घेतली. काय सांगू तुला — एकेक आवाज असा गिळला, जसा विहिरीत दगड पडावा. म्हाताऱ्यांच्या डोळ्यांत पाणी! परमुलखात राहून काय बोली राखली पोराने! मला विचारलं, तुझा भाऊच ना हा? मी म्हटलं, ऐकलंत ना तुम्ही, मग मला कशाला विचारता? — आता यात मी खोटं काय बोलले? बांध त्याला मिळाले, उर्माले हात हलवत परत गेला.

आई आंधळी, ती घरीच होती. तो तिच्यापाशी बसला, दोन वाक्यं बोलला. ती म्हणाली, "इतकं छान बोलायला कधी शिकलास रे?"

त्याने मान खाली घातली. "त्याला नाही जमलं, आई. शेवटपर्यंत नाही जमलं."

तिने चाचपडत ज्वारीच्या उंड्यांचं भांडं त्याच्यापुढे सरकवलं. "जेव," म्हणाली. बस, इतकंच. सकाळी तो पडलेला बांध रचायला गेला. पुढे आई गेली, तिला माती त्यानेच दिली. मुलासारखा रडला — म्हणजे, मुलासारखाच.

हे मी कुणाला सांगत नाही हं. तू परका, आजच्या गाडीने जाणार, म्हणून — नाही जाणार? सासरवाडीला आलायस? अरे, मग आधी सांगायचंस की! तरीच म्हटलं एवढा घसा का खरवडतोय हा. सासऱ्यासमोर बोलून दाखवायचंय होय? चांगलं आहे, असे जावई कुठे मिळतात आता. कुणाची मुलगी केलीस?

— कुणाची?

उर्मालेची.

छागा संपली. ऊठ.