समुद्राकाठची लेक

बसस्थानकाच्या बाकावर सोनिया लासूरच्या गाडीची वाट बघत बसली होती. शेजारी बानाबाई नावाची म्हातारी मुलाबाळांसह कोकणात निघालेल्या एका बाईशी बोलत होती.

“समुद्रावर चालल्या व्हय? माझी लेक शीला तिथंच असती. समुद्राची शास्त्रज्ञ हाय. पाण्यात कसं जपायचं, ते लोकांना शिकवती.”

“मग दिवाळीला येत असेल ना घरी?”

“कशी येईल? तुम्हाला सुट्टी लागली की तिथं गर्दी होती. दिवाळी तिची तिथंच, उन्हाळा बी तिथंच.”

“फोन तरी करते का?”

“करती की. पण मी तिचे व्हिडिओच लई बघते. पाणी आत ओढायला लागलं तर घाबरायचं नाय, सरळ किनाऱ्याकडं यायला झटायचं नाय, आडवं पवत बाजूला सरकायचं. समदं पाठ हाय मला. म्या तर समुद्र बघितला बी नाय.”

“मावशी, ती भेटली तर काय निरोप सांगू?”

लासूरची गाडी लागली, तरी सोनिया उठली नाही.

“निरोप नको, बाई. ती सांगंल ते ऐका, अन् समदे माघारी या.”